रस्ता-अपघाताचा शिक्का

फायलीतल्या दुखण्यांना आकडे देण्याच्या, म्हणजे कोडिंगच्या कामातली एकच गोष्ट नालोंगोला मनापासून आवडायची. इथे माणूस समोर येत नसे, त्याची फाइल येई. कुणाचा पाय गेलेला, कुणाची नजर गेलेली, कुणाला बोलता बोलता शब्द सापडेनासे झालेले. पण जे व्हायचं ते होऊन गेलेलं असायचं, डॉक्टरांच्या घाईच्या अक्षरात उतरलेलं. तिने फक्त वाचायचं आणि आकडा शोधायचा. कम्पालाहून येणाऱ्या मसाका रस्त्याच्या कडेला, टेकडीवरच्या त्या मिशन हॉस्पिटलात असल्या फायलींना तोटा नव्हता. दुखण्याला वर्ष उलटलं की जखमेचा आकडा बदलतो. जखम गेलेली असते, तिने मागे काय ठेवलं ते लिहायचं असतं. आधी आज काय आहे ते, मग ते कोणत्या जखमेतून आलं ते, आणि शेवटच्या रकान्यात ती जखम केली कुणी: रस्त्याने, आगीने, की माणसाने.

त्या मंगळवारी आलेली फाइल चांगलीच जाड होती. सेमातिम्बा देओग्रासियास, वय चौतीस, पिकअपचा ड्रायव्हर, राहणार लुकाया. अपंगत्वाचा दाखला हवा. नेहमीसारखं तिने मागून वाचायला घेतलं. फेफऱ्याचे झटके, महिन्यातून चार ते पाच. उजव्या डोळ्याने दिसत नाही. डावा कान बंद. उजव्या पंजाची सात हाडं मोडून वेडीवाकडी जुळलेली, बोटं वळत नाहीत. कवटीला डावीकडे खळगा, तीन बोटं मावतील एवढा. तिने आकडे घातले. डोक्याचे टी-नव्वदमध्ये, हाताचे टी-ब्याण्णवमध्ये. मग शेवटच्या रकान्यासाठी पहिलं पान उलटलं. तिथे कॅज्युअल्टीचा लाल शिक्का होता: रस्ता-अपघात.

शिक्क्याचं तिला नवल वाटलं नाही. रस्त्यावरून उचलून आणलेल्या प्रत्येकावर कॅज्युअल्टीचा कारकून तोच उमटवायचा. बसखाली आलेला असो की बारच्या दारात चाकू खाल्लेला, रस्त्यावर सापडला ना, मग रस्ता-अपघात. दुसरा शिक्का त्याच्याकडे नव्हताच. पण या शिक्क्याखाली ड्यूटीवरच्या कुणीतरी बारीक अक्षरात लिहिलं होतं: डोक्याच्या जखमांत विटेचा चुरा. पाठीवर कडेचे गोल वळ, बहुधा हेल्मेटचे, मोजले अकरा.

आणि कोपऱ्यात तारीख.

ती तारीख नालोंगोला पाठ होती. त्या दिवशी ती रजेवर होती. पुढचे आठ दिवसही रजेवरच होती, म्हणून ही फाइल तेव्हा तिच्या टेबलावर आली नव्हती. तिने फाइल मिटली, मग पुन्हा उघडून तारीख पाहिली, जणू मधल्या वेळात ती बदलणार होती.

तेवढ्यात खिडकीच्या काचेवर कुणीतरी नाणं आपटलं.

"न्याबो, बाईसाहेब, आत जिवंत आहेस ना? का तुझीपण फाइल झाली?"

बाहेर पन्नाशीची एक धिप्पाड बाई उभी होती, अंगाला भाजलेल्या कोंबडीचा वास. लुकायाच्या थांब्यावर बस थांबली की खिडक्यांमधून कोंबडीच्या सळया आत खुपसणाऱ्या बायकांपैकी. तिच्या मागे टोपी कपाळावर ओढलेला एक हडकुळा माणूस, इस्त्रीचा शर्ट, उजवा हात खिशात.

"मी तेओपिस्ता, आणि हा माझा भाऊ देओ. दाखल्यावर अंगठा द्यायला बोलावलंय. अंगठा तरी शाबूत आहे म्हणावं, बाकीचा माल गेला."

"तेओ, गप गं," माणूस म्हणाला.

"का गप? चौदा महिने मी याला भरवते, धुते, आणि गप मीच."

नालोंगोने खिडकीतून शाईची डबी पुढे सरकवली. त्याने डावा हात पुढे केला. तिने त्याचा अंगठा धरून कागदावर टेकवला. अंगठा गरम होता. या माणसाला ती दुसऱ्यांदा इतक्या जवळून बघत होती, आणि हे त्याला ठाऊक नव्हतं.

"न्याबो," तो खाली वाकून हळू बोलला, "मला आणखी एक फाइल बघायची आहे. माझी नाही. त्याच दिवशी किटेंगा नाक्यावर माझ्या गाडीने एक पोर गेलं. मुलगा का मुलगी, तेही मला माहीत नाही. वॉर्डात एक बाई म्हणाली, जुळ्यातलं होतं. म्हणजे उडालं म्हणाली." जुळ्यांना मेलं म्हणत नाहीत, तोही म्हणाला नाही. "त्याचं घर कुठे, एवढंच सांग. मला त्याच्या आईकडे जायचंय."

नालोंगोने शाईची डबी मिटली. आणि नेमकं तेव्हाच मागच्या टेबलावरून ऑफिसातले वडीलधारे, मुझेयी ओडोकी, यांनी चष्म्यावरून पाहत हाक मारली, "नालोंगो, अगं ते जून महिन्याचं रजिस्टर तुझ्याकडे आहे का?"

देओने मान वर केली. "तू नालोंगो? जुळी आहेत तुला?"

जुळ्यांच्या आईला त्या गावात कुणी नावाने हाक मारत नाही; आई ती नालोंगो, बाप तो सालोंगो. प्रोस्कोविया हे तिचं नाव पगाराच्या कागदावर तेवढं उरलं होतं.

"आहेत," ती म्हणाली.

"दोन्ही नीट?"

"नीट."

"मग तूच सांग. अशा आईकडे जाताना काय न्यायचं असतं? मी दारात जुळ्यांच्या नावाने दोन टोपल्या ठेवल्यात, कॉफीच्या बिया घालून. रोज बदलतो. तरी ते पोर येतंच. येतं आणि मानगूट धरतं."

"झटके येतात त्याला," तेओपिस्ता म्हणाली. "फेफरं. डॉक्टरने गोळ्या दिल्यात. मी मोजून देते, आणि हा मोजून संडासात टाकतो. म्हणे जुळ्याचा राग आहे, गोळीने उतरत नाही. डॉक्टर म्हणाला, एखाद दिवशी झटका सुरू होईल आणि थांबणारच नाही. तेव्हा मी कुठे थांब्यावर सळया विकत असेन. सांग याला. शिकलेली आहेस, तुझं ऐकेल."

"मारलंय मी," देओ शांतपणे म्हणाला. "फेडायला नको?"

नालोंगोने तोंड उघडलं. पण त्याचा डोळा एकाएकी वर गेला, चांगला डोळा, आणि बोलता बोलता त्याचा जबडा एका बाजूला ओढला गेला. तो उभ्याचा उभा मागे कोसळला. सिमेंटवर डोकं आपटल्याचा आवाज आतल्या खोलीपर्यंत आला. रांगेतली माणसं भिंतीला चिकटली. झटका आलेल्याला शिवलं तर तो आपल्याला लागतो, अशी तिकडची समजूत. तेओपिस्ता एकटीच त्याच्या टाचा धरून बसली. त्याचं डोकं ठक ठक ठक जमिनीवर आपटतच होतं. ओठ चावला गेला, रक्त हनुवटीवरून इस्त्रीच्या कॉलरवर उतरलं.

नालोंगो दार उघडून धावली आणि खाली बसून तिने त्याचं डोकं मांडीवर घेतलं. टोपी गळून पडली होती. ते डोकं तिच्या मांडीवर एखाद्या जनावरासारखं धडका देत राहिलं. तिने दोन्ही हातांनी आवळून धरलं, तेव्हा तिची बोटं त्या खळग्यात गेली. तीन बोटं. फाइलीत लिहिल्याप्रमाणे.

*

तो दिवस तिने कुणाला पूर्ण सांगितला नव्हता. नवऱ्यालासुद्धा नाही.

किटेंगा नाक्यावर बोडांचा स्टेज आहे. भाड्याच्या मोटारसायकली घेऊन वीस-पंचवीस पोरं तिथे गिऱ्हाइकाची वाट बघत बसतात. तिचा नवरा लुब्वामा त्या स्टेजचा चेअरमन. ती जुळ्यातल्या धाकटीला, नकाटोला, कडेवर घेऊन त्याच्याकडे घराची किल्ली मागायला निघाली होती. थोरली बाबिर्ये शेजारणीकडे. एका बोडावाल्याने मागे न बघता मोटारसायकल रस्त्यात घातली, त्याला चुकवायला पिकअप कडेला आली, आणि आरशाचा फटका नकाटोला बसला. मुलगी तिच्या हातातून सुटली. रस्त्याकडेच्या नालीत पालथी पडली. दोन वर्षांची. नालोंगोने तिला उचललं तेव्हा तिची मान लुळी होती, तोंड चिखलाने भरलेलं, डोळ्यांचं पांढरं तेवढं दिसत होतं.

तिने एन्डुलू दिली.

एन्डुलू म्हणजे साधी किंकाळी नव्हे. तोंडावर पंजा आपटत, छातीतून काढलेली ती उंच, थरथरती हाक. ऐकणाऱ्याने हातातलं काम टाकून धावायचं, असा तिथला धर्म आहे. जो धावत नाही, त्याच्या घराला आग लागेल त्या दिवशी त्याच्याकडेही कुणी धावत नाही. "माझं मूल मारलं!" ती ओरडली, एकदा, दोनदा, आणि माणसं चहूकडून आली. स्टेजवरून, न्हाव्याच्या दुकानातून, मक्याच्या गिरणीतून. अशा वेळी गाडीवाल्याने थांबायचं नसतं, गाडी दामटत थेट पोलीस चौकी गाठायची असते, हे रस्त्यावरच्या शेंबड्या पोराला ठाऊक आहे. हा ड्रायव्हर थांबला. थांबून खाली उतरला.

सगळ्यांच्या आधी लुब्वामा पोचला. त्याने बायकोच्या हातातली मुलगी पाहिली आणि मग ड्रायव्हरकडे वळला. पहिला फटका त्याचा. नंतर कुणाचा कुठला ते कळेना. हेल्मेटं पट्ट्याला धरून गरगरा फिरवत होते. कुणीतरी अर्धी वीट आणली. माणूस गुडघ्यांवर आला, मग कुशीवर, मग पोटाशी पाय घेऊन उजव्या हाताने डोकं झाकून पडला. वीट खाली येई, वर जाई, वर जाताना ओली असे.

आणि तेव्हा नकाटो खोकली.

तिच्या तोंडातून चिखलाचा गोळा पडला, तिने श्वास ओढला आणि रडायला तोंड उघडलं. नालोंगोच्या हाताला तिचं काळीज धडधडताना कळलं. जिवंत होती. नुसतं खरचटलं होतं. नालोंगोने एवढंच करायचं होतं: पुन्हा एकदा ओरडायचं, थांबा, पोर जिवंत आहे.

तिने नकाटोचं तोंड छातीशी दाबलं. रडणं बाहेर ऐकू जाऊ नये इतकं घट्ट. पोर गुदमरून पाय झाडत होती, आणि तिची आई समोर बघत होती. घाबरून नाही. त्याला आणखी लागावं असं तिला वाटत होतं. मुलीची लुळी मान हातात धरली होती त्या क्षणाची भरपाई अजून झाली नव्हती. लुब्वामाने स्टेजवरून चाकाचा पाना आणला आणि डोकं झाकणाऱ्या त्या हातावर मारला, एकदा, दोनदा, तीनदा. तिसऱ्या फटक्याला हात बाजूला पडला. मग तिने मुलीचं तोंड सोडलं. नकाटोने टाहो फोडला, माणसं एकेक करून थांबली, एकमेकांकडे न बघता पांगली. पोलिसांच्या गाडीने त्या माणसाला टेकडीवर नेलं. चौकीत कुणी काही सांगितलं नाही, कुणी काही विचारलंही नाही.

*

"आज हॉस्पिटलात कोण आलं होतं माहितीये?" संध्याकाळी तिने लुब्वामाला विचारलं. तो अंगणात चटईवर उकडलेल्या हिरव्या केळ्यांचं मटोके आणि शेंगदाण्याचं कालवण खात होता. दोन्ही मुली त्याच्या दोन मांड्यांवर. एकीला घास, दुसरीला घास, मग स्वतःला. कधी मुलींवर हात उगारलेला माणूस नव्हे.

तिने सांगितलं. त्याचा हात ताटात थांबला.

"जगला तो?"

"जगला. आपली नकाटो उडाली असं त्याला वाटतंय. म्हणून गोळ्या घेत नाही. मरेल तो, सालोंगो."

"तू काही बोललीस?"

"नाही."

"मग बोलू नकोस."

"एवढंच सांगते, पोर जिवंत आहे. बाकी काही नाही."

"आणि मग तो काय, आभार मानून घरी जाईल?" त्याने बोटं चाटली आणि मुलींना मांडीवरून उतरवलं. "पुढचा प्रश्न तो काय विचारेल, नालोंगो? पोर जिवंत होती तर मला कशासाठी फोडला? काय सांगशील?"

तिने त्याच्यापुढचं ताट उचललं.

"मी आलो तो तुझी हाक ऐकून. पंचवीस जण आले ते तुझी हाक ऐकून. एन्डुलू ऐकली की माणूस आधी विचारत बसतो का, बाई, खरं का खोटं? तू म्हणालीस मारलं. मी माझ्या गेलेल्या मुलीसाठी मारलं." त्याचा आवाज चढला नव्हता, त्यामुळेच तिला भीती वाटली. "आता तो जेलात घालेल तर मला. तुला नाही. ओरडल्याबद्दल कुणाला आत घेत नाहीत. मग या दोघींना काय, फायली शिजवून घालशील?"

"पोर रडली ते तू ऐकलं नाहीस?" तिने विचारलं. का विचारलं ते तिचं तिलाच कळलं नाही.

"नंतर ऐकलं. सगळं झाल्यावर." त्याने तिच्याकडे रोखून पाहिलं. "का? आधी रडली होती?"

"नाही," ती म्हणाली.

*

दुसऱ्या दिवशी तिने तिला जमत होतं ते केलं. शिक्का बघून आदल्या दिवशी शेवटच्या रकान्यात घातलेला वाय-पंच्याऐंशी, म्हणजे रस्ता-अपघाताने मागे ठेवलेलं, खोडून तिथे वाय-सत्त्याऐंशी लिहिलं: माणसाने केलेल्या हल्ल्याने मागे ठेवलेलं. ओडोकींनी तो कागद उजेडात धरला.

"शिक्क्याच्या उलट आकडा?"

"जखमेत विटेचा चुरा आहे, मुझेयी."

"वीट रस्त्यावर नसते का? माझ्या गावच्या रस्त्यावर तर विटाच आहेत, रस्ता नाही."

"पाठीवर अकरा हेल्मेटं आहेत. पिकअपमध्ये बसलेल्या माणसाला अकरा हेल्मेटं कुठून लागली?"

ओडोकी हसायचे थांबले. तिच्या तोंडाकडे बघत राहिले, फाइलीकडे नाही. "बरोबर आहे आकडा," ते शेवटी म्हणाले. "राहू दे. कम्पालात जाईल, बेरजेत पडेल. तिथे कुणी फाइल उघडून बघत नाही."

नऊ दिवस तिला हलकं वाटलं. जे खरं ते लिहून झालं, आता त्याच्या नावापुढे खोटं नव्हतं. नवव्या रात्री ती नीट झोपलीसुद्धा.

दहाव्या दिवशी सकाळी कॅज्युअल्टीत ओरडा ऐकू आला आणि ती टेबलावरून उठली. फाइल बघायची गरजच नव्हती. देओ झटका येऊन कोळशाच्या शेगडीवर पडला होता. घरात एकटा. डावा हात कोपरापासून मनगटापर्यंत शेगडीत, आणि झटका थांबेपर्यंत तो तिथेच राहिला. चांगला हात. कातडी बाहीला चिकटून निघाली होती. नर्स कापड सोडवत होती तसा तो गुरासारखा हंबरत होता. तेओपिस्ता भिंतीशी उभी होती. आज तिच्या तोंडून एकही टोमणा निघत नव्हता.

"पोर आलं होतं," वेदनेतून तो म्हणत होता. "सांगितलं ना, ते सोडणार नाही."

डॉक्टर नालोंगोला म्हणाले, कारण ती दारात उभी होती आणि तिच्या हातात नवी कोरी फाइल होती, "पुढच्या वेळी हा इथपर्यंत पोचणार नाही. कुणीतरी याच्या डोक्यात घाला, गोळी घे म्हणून."

तिने नव्या फाइलीवर आजच्या भाजण्याचा आकडा लिहिला. मग पेन खाली ठेवलं.

*

देओ घरी गेल्यावर आलेल्या पहिल्या रविवारी, मावशीकडे जाते असं सांगून, ती नकाटोला घेऊन लुकायाच्या टॅक्सीत बसली. नकाटो आता तीन वर्षांची होऊन गेली होती. वाटभर खिडकीबाहेरची बदकं मोजत होती, पाचाच्या पुढे पुन्हा एकपासून.

घर सापडायला वेळ लागला नाही. दारात दोन टोपल्या होत्या. तेओपिस्ता ओसरीवर सळयांना कोंबडीचे तुकडे लावत होती, देओ चटईवर भिंतीला टेकून बसलेला, डावा हात पट्ट्यांत. नालोंगोने रीतीप्रमाणे गुडघे टेकून नमस्कार केला. बाई पाहुणी आली की गुडघे टेकतेच, त्यामुळे दोघांनाही त्यात काही वेगळं वाटलं नाही.

"हॉस्पिटलवाली आली बघ," तेओपिस्ता म्हणाली. "आता आमच्या कोंबड्यांचापण आकडा काढ."

"ही माझी नकाटो," नालोंगो म्हणाली. तिने मुलीला पुढे घेतलं. "किटेंगा नाक्यावर तुझ्या गाडीचा आरसा लागला तो हिला. ही जिवंत आहे."

देओने मुलीकडे पाहिलं आणि तो हसला. तिने त्याला हसताना कधी पाहिलं नव्हतं.

"डॉक्टरने पाठवलं ना? गोळी गिळावी म्हणून. कुणाचं पोर उचलून आणलंस?"

"माझं आहे."

"जुळी कुणालाही असतात. म्हणून काय ते तेच?"

तिला वाटलं होतं, मुलगी दाखवली की पुरे. घरून निघताना तिने तेवढंच ठरवलं होतं. आता तो मान हलवत होता, आणि तिच्याकडे दुसरा पुरावा एकच होता.

"तुझ्या पायात पिवळ्या स्लिपर होत्या," ती म्हणाली. "एक गाडीतच राहिली. एक पाय अनवाणी, तसाच तू नालीकडे पळत आलास. तू म्हणालास, मला बघू द्या, मी पोराला दवाखान्यात नेतो. दोनदा म्हणालास. तिसऱ्यांदा म्हणत होतास तेव्हा तोंडावर हेल्मेट बसलं."

तेओपिस्ताच्या हातातली सळई थांबली. देओचं हसू चेहऱ्यावर तसंच राहून गेलं, नुसता आकार.

"स्लिपरचं मला आठवत नव्हतं," तो म्हणाला. "पिवळ्या. हो." मग, "एन्डुलू तू दिलीस?"

"मी."

"ही जिवंत आहे हे तुला कधी कळलं?" हे तेओपिस्ताने विचारलं.

"तिथेच."

"तिथेच म्हणजे कधी? सगळं झाल्यावर?"

टॅक्सीत बसल्यापासून नालोंगोने या प्रश्नाला खोटं उत्तर तयार ठेवलं होतं. "नाही," ती म्हणाली. "याचा हात मोडायच्या आधी. ही रडायला लागली, मी तिचं तोंड दाबलं."

तेओपिस्ता उठली. मसाल्याने माखलेल्या हाताची थप्पड नालोंगोच्या कानशिलात बसली, आणि ती सावरायच्या आत दुसरी, तिसरी. तिखट डोळ्यांत गेलं. तेओपिस्ताने तिचे केस मुठीत धरून डोकं ओसरीच्या खांबावर आपटलं. एकदा आपटलं, पुन्हा आपटायला मागे ओढलं. नकाटो किंचाळत आईच्या कमरेला बिलगली. नालोंगोने हात वर केला नाही. तिने फक्त मुलीचं डोकं खांबापासून दूर ढकललं.

"तेओ," देओ म्हणाला. "पोरीदेखत नको."

तेओपिस्ता धापा टाकत थांबली, पण केस सोडले नाहीत.

देओने आपला उजवा पंजा पुढे करून नकाटोच्या गालाला लावला. वाकडी बोटं, त्याला गाल कुरवाळता येत नव्हता, नुसतं टेकवता येत होतं. मुलगी अंग चोरून रडत राहिली. तो तिचा गाल, नाक, कान बघत होता, एखादी वस्तू परत मिळाल्यावर माणूस तपासतो तसं.

"मी समजत होतो," तो म्हणाला, "की मी एक जीव घेतला आणि त्यांनी मला फोडलं. हिशेब बरोबर वाटायचा. दुखायचं, तेव्हा मी म्हणायचो, बरोबर आहे." त्याने हात मागे घेतला आणि त्याच्याकडेच बघितलं. "हा कुणी मोडला?"

नालोंगोच्या कपाळावरून काहीतरी ओघळत होतं, रक्त की मसाला कळत नव्हतं. ती म्हणू शकत होती, गर्दी होती, दिसलं नाही.

"हिच्या बापाने," ती म्हणाली. "चाकाच्या पान्याने. तीनदा."

"नाव?"

"लुब्वामा. किटेंगा स्टेजवर असतो."

तेओपिस्ताने तिचे केस सोडले. रस्त्यावर बस थांबली, सळया विकणाऱ्या बायका ओरडत धावल्या, बस गेली.

"तेओ, त्या गोळ्या आण," देओ म्हणाला.

ती आतून पाकीट आणि पाण्याचा पेला घेऊन आली. तिने गोळी त्याच्या जिभेवर ठेवली, पाणी पाजलं. त्याने गिळली आणि ती खरंच गेली हे दाखवायला तोंड उघडलं, लहान मूल दाखवतं तसं.

"रोज?" त्याने नालोंगोला विचारलं.

"रोज. एकही चुकवायची नाही."

"किती दिवस?"

"दोन वर्षं झटका आला नाही, की मग डॉक्टर कमी करत आणतात. बहुतेकांना पुन्हा येत नाही."

"गाडी चालवता येईल? एका डोळ्याने?"

"माहीत नाही."

"चालता तर येईल. किटेंगापर्यंत." त्याने उरलेलं पाकीट वाकड्या बोटांनी शर्टाच्या खिशात सरकवलं आणि खिशाचं बटण लावू लागला. बटण काजातून निसटत होतं. तेओपिस्ता मदतीला वाकली, तर त्याने कोपराने तिला दूर केलं. "हिच्या बापाला सांग, मी गोळ्या सुरू केल्या. त्याला भेटल्याशिवाय मी आता मरत नाही."

नालोंगोने नकाटोला काखेत घेतलं आणि उठली. तिच्या मागे तो अजून बटणाशी झटत होता.